पडद्यामागचा कामगार

(विहाराच्या वर्धापन दिनाच्या कार्यक्रमात केलेल्या भाषणाचा मजकूर)





तथागत बुद्ध, महात्मा जोतिराव फुले, सावित्रीमाई आणि बोधिसत्त्व डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्या स्मृतीस वंदन करून आम्ही विषयाकडे वळतो. आमचा विषय पत्रिकेवर छापला आहे : चित्रपट दिग्दर्शक नागराज मंजुळे यांची वाटचाल. पत्रिका वाटली गेली तेव्हा दोन-तीन वडीलधाऱ्यांनी आम्हाला रस्त्यातच थांबवून विचारले, "काहो, विहारात सिनेमाची गोष्ट कायले पाहिजे? धम्मावर बोला, आरक्षणावर बोला." त्यांचा प्रश्न रास्त आहे. त्याचे उत्तर आधी देतो, मग पुढे जातो.

१९५४ साली आचार्य अत्रे यांनी 'महात्मा फुले' हा चित्रपट काढला. त्याच्या मुहूर्ताला स्वतः बाबासाहेब उपस्थित होते. तब्येत साथ देत नव्हती, कामाचा डोंगर होता, तरी ते गेले. आपल्या गुरूची गोष्ट पडद्यावर जाते आहे, ती ज्याला अक्षर वाचता येत नाही त्याच्यापर्यंतही पोचणार आहे, याचे मोल त्यांना नक्कीच कळत होते. त्या चित्रपटाला राष्ट्रपतींचे रौप्यपदक मिळाले. तेव्हा सिनेमा ही विहाराबाहेरची गोष्ट आहे असे कोणी समजू नये.

दुसरे कारण घरगुती आहे. आपल्या वस्तीतल्या एका बाईने मागे आम्हाला सांगितले, "दादा, पोट्टं म्हन्ते मी पिक्चरच्या लाइनमंधी जातो. आता काय करू?" तिच्या डोळ्यांत पाणी होते. त्या लाइनची तिला काही माहिती नाही, आणि ज्याची माहिती नाही त्याची भीती वाटणारच. त्या माउलीला आणि तिच्यासारख्या सर्वांना समजावे म्हणून हे भाषण आहे. सिनेमाची लाइन म्हणजे काय, तिथे काम कसे चालते, आणि एका दगडफोड्या समाजातला मुलगा त्या लाइनमध्ये जाऊन काय करू शकला, एवढेच आम्ही सांगणार आहोत.

आम्ही सूतगिरणीतले कामगार. आमची शाळा फार झाली नाही. जे वाचले ते तिसरी पाळी संपवून वाचले. म्हणून सिनेमासुद्धा आम्ही गिरणीच्याच भाषेत समजून घेतला.

गिरणीत कापसाची गाठ फुटते ती ब्लो-रूममध्ये. तिथे कापूस झाडला जातो. मग कार्डिंग, मग ड्रॉइंग, मग स्पीड फ्रेम, मग रिंग फ्रेम, आणि शेवटी वाइंडिंगला कोन भरून बाहेर पडतो. एका खात्यात गडबड झाली तर पुढच्या सगळ्या खात्यांना ती भोगावी लागते. कार्डिंगला कचरा राहिला तर रिंगवर धागा तुटतो आणि सांधता सांधता बाईचे हात दुखून येतात. सिनेमाही असाच आहे. आधी कथा, मग पटकथा आणि संवाद. मग जागा शोधणे, माणसे निवडणे, पैसे उभे करणे, परवानग्या काढणे. मग चित्रीकरण. मग संकलन, म्हणजे काढलेल्या चित्रांतून नको ते कापून हवे ते जोडणे. मग आवाज, संगीत, आणि शेवटी थिएटर. आपल्याला पडद्यावर हिरो-हिरोइन दिसतात. ते म्हणजे वाइंडिंगला भरलेला कोन. मागची सगळी खाती कोणाला दिसत नाहीत.

या सर्व खात्यांना एका धाग्यात ठेवणारा जो माणूस, तो दिग्दर्शक. आणि पैसा, जेवण, गाड्या, तारखा, मजुरी यांची जबाबदारी घेणारा तो निर्माता. ह्या दुसऱ्या कामाला त्या लाइनमध्ये सगळे 'प्रॉडक्शन' म्हणतात. शंभर माणसे सकाळी सहाला एका माळावर जमणार असतील तर त्यांचा चहा कुठून येणार, बायांना कपडे बदलायला जागा कुठे, पाऊस आला तर काय, जनरेटर बंद पडला तर काय, हे आदल्या रात्रीच ठरलेले असावे लागते. सिनेमात गोष्ट क्रमाने काढत नाहीत. शेवटचा प्रसंग पहिल्या दिवशी काढतात, कारण ती जागा त्याच दिवशी मिळते. तरीही पोराच्या सदऱ्याचे तुटलेले बटण पुढच्या महिन्यात तसेच तुटलेले दिसले पाहिजे. एवढे ध्यान ठेवायचे काम आहे ते. जॉबरचे डोके आणि कवीचे मन, दोन्ही लागते.

आणि हे काम पहिल्यापासून कष्टकऱ्यांचेच आहे. दादासाहेब फाळके यांचा 'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कोरोनेशन थिएटरात लागला. त्यात तारामतीचे काम करायला बाई मिळाली नाही, तेव्हा अण्णा साळुंके नावाच्या, खानावळीत काम करणाऱ्या माणसाने ते केले. फाळक्यांच्या पत्नी सरस्वतीबाई दिवसा साऱ्या मंडळींचा स्वयंपाक करीत आणि रात्री अंधाऱ्या खोलीत फिल्म धुवीत. भगिनींनो, भारतीय सिनेमाचे पहिले 'प्रॉडक्शन' एका बाईने सांभाळले हे ध्यानात ठेवा. पुढे कोल्हापूरच्या बाबूराव पेंटर यांनी स्वतःच्या हाताने कॅमेरा तयार केला. त्यांनी १९२५ साली 'सावकारी पाश' काढला. त्यात शेतकऱ्याची जमीन सावकार गिळतो आणि तो शेतकरी शहरात जाऊन गिरणी कामगार होतो. कापूस पिकवणाऱ्या आपल्या बुलडाणा जिल्ह्याला ही गोष्ट नवीन सांगायला नको. आमच्या खात्यातले निम्मे लोक याच वाटेने गिरणीत आले होते.

म्हणजे गरिबांची गोष्ट पडद्यावर आली होती. पण जातीची गोष्ट क्वचितच आली, आणि आली तेव्हा ती बहुधा दुसऱ्यांनी आपल्याबद्दल सांगितलेली असायची. त्यातही चांगली माणसे होती, हे आम्ही कृतज्ञतेने सांगतो. डॉ. जब्बार पटेल हे दौंडचे लहान मुलांचे डॉक्टर. दवाखाना सांभाळून त्यांनी 'सामना', 'सिंहासन', 'उंबरठा' असे चित्रपट केले आणि २००० साली 'डॉ. बाबासाहेब आंबेडकर' हा मोठा चित्रपट आपल्याला दिला. केरळचे नट मामुट्टी यांनी त्यात बाबासाहेब उभे केले आणि त्यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. १४ एप्रिलच्या आठवड्यात वस्तीवस्तीत पडदा लावून हा चित्रपट आपण पाहतो. बाबासाहेब चवदार तळ्याचे पाणी ओंजळीत घेतात तेव्हा म्हाताऱ्या बाया पडद्याला हात जोडतात, हे आम्ही पाहिले आहे.

पण मित्रहो, महापुरुषाची गोष्ट सांगणे एक, आणि आपल्यातल्या नकट्या, काळ्या, फाटक्या चड्डीतल्या पोराची गोष्ट सांगणे दुसरे. ती दुसरी गोष्ट सांगायला जो आला, त्याच्याकडे आता वळू.

नागराज पोपटराव मंजुळे यांचा जन्म १९७७ सालचा, सोलापूर जिल्ह्याच्या करमाळा तालुक्यातल्या जेऊर गावचा. समाज वडार. दगड फोडणे हा पिढीजात धंदा. दुसऱ्यांची घरे, दुसऱ्यांची देवळे यांच्या पायाचे दगड या समाजाने फोडले, आणि स्वतः पालात राहिला. हा मुलगा दहावीला नापास झाला. ही गोष्ट त्यांनी लपवलेली नाही, जाहीरपणे सांगितलेली आहे. इथे ज्यांची पोरं यंदा नापास झाली असतील त्यांनी हे नीट ऐकावे. नापास झाल्यावर तो घरी बसला नाही. वाचू लागला, कविता लिहू लागला, पुन्हा परीक्षेला बसला आणि पुढे पुणे विद्यापीठातून मराठी विषय घेऊन एम.ए. झाला. 'उन्हाच्या कटाविरुद्ध' हा त्यांचा कवितासंग्रह प्रसिद्ध आहे.

त्यानंतर त्यांनी अहमदनगरच्या, म्हणजे आताच्या अहिल्यानगरच्या, न्यू आर्ट्स कॉलेजात संज्ञापन विषयाचा अभ्यासक्रम केला. मुंबईत काका नाही, मामा नाही, स्टुडिओचा दरवाजा माहीत नाही. जिल्ह्याच्या कॉलेजात जे शिकायला मिळाले ते शिकले. याच शिक्षणाच्या काळात 'पिस्तुल्या' हा लघुपट झाला. शाळेत जाण्याची ओढ असलेल्या एका गरीब पोराची ती छोटीशी गोष्ट. त्यातला मुलगा सूरज पवार हा कुठल्या नाटक कंपनीतला नव्हता, वस्तीतलाच होता. ५८व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत या लघुपटाला पदार्पणातल्या दिग्दर्शनाचा पुरस्कार मिळाला.

मग आला 'फँड्री'. २०१३ साली तो तयार झाला आणि १४ फेब्रुवारी २०१४ रोजी महाराष्ट्रात प्रदर्शित झाला. फँड्री हा कैकाडी बोलीतला शब्द, त्याचा अर्थ डुक्कर. गावाबाहेर राहणाऱ्या कैकाडी घरातला जब्या नावाचा मुलगा वर्गातल्या शालूवर मनातल्या मनात प्रेम करतो, आणि गावाची डुकरे पकडण्याचे काम त्याच्या बापाच्या गळ्यात पडते. बापाचे काम किशोर कदम यांनी केले, जे स्वतः कवी आहेत. जब्या झाला सोमनाथ अवघडे, करमाळा भागातलाच हलगी वाजवणारा मुलगा. कॅमेरा म्हणजे काय हे त्याला ठाऊक नव्हते. ६१व्या राष्ट्रीय पुरस्कारांत त्याला उत्कृष्ट बालकलाकार ठरवले गेले आणि चित्रपटाला दिग्दर्शकाच्या पहिल्या चित्रपटासाठी असलेला इंदिरा गांधी पुरस्कार मिळाला.

दिग्दर्शकाचे काम म्हणजे नेमके काय, हे ज्याला समजून घ्यायचे असेल त्याने या चित्रपटातले तीन प्रसंग पुन्हा बघावेत.

पहिला. जब्याचे घरचे लोक डुकराच्या मागे धावत आहेत. डुक्कर हाती लागणार एवढ्यात शाळेत राष्ट्रगीत सुरू होते. सगळे जागच्या जागी ताठ उभे. डुक्कर पळून जाते. आपल्याला हसू येते आणि लगेच घशात काहीतरी अडकते. ज्याला या देशाने काही दिले नाही तो माणूस आपली भाकरी पळून जात असताना देशाच्या गाण्याला उभा आहे. यावर एक शब्दही कोणी बोलत नाही. 

दुसरा. मेलेले डुक्कर काठीला बांधून खांद्यावर घेऊन जब्या आणि घरचे चालले आहेत. मागे शाळेची भिंत. भिंतीवर बाबासाहेब, सावित्रीमाई, गाडगेबाबा यांची चित्रे रंगवलेली. भिंतीवर समता आहे आणि भिंतीसमोरून विषमता चालली आहे. यावर आम्ही तासभर भाषण केले असते. दिग्दर्शकाने फक्त ठरवले की कॅमेरा कुठे ठेवायचा. भिंत आणि माणसे एकाच वेळी दिसतील अशा जागी तो ठेवला आणि काम झाले.

तिसरा शेवटचा. गावातली टवाळ पोरं जब्याच्या घराला छळत असतात. सहन होईनासे झाल्यावर जब्या दगड उचलतो आणि फेकतो. तो दगड थेट आपल्या तोंडावर येतो, म्हणजे प्रेक्षकाच्या. पडदा काळा होतो. तोवर आपण मजेत बसून जब्याकडे बघत होतो. वडाराच्या लेकराने फोडलेला तो सगळ्यात मोठा दगड आहे, असे आम्ही मानतो.

कोणी म्हणेल, सिनेमात वाढवून सांगतात. त्यांच्यासाठी एक तारीख सांगतो. 'फँड्री' लागला आणि अडीच महिन्यांच्या आत, २८ एप्रिल २०१४ रोजी, त्याच नगर जिल्ह्यातल्या खर्डा गावी नितीन आगे या सतरा वर्षांच्या दलित विद्यार्थ्याचा खून झाला. वरच्या जातीच्या मुलीशी बोलतो, एवढाच संशय. नोव्हेंबर २०१७ मध्ये न्यायालयाने त्या खटल्यातल्या आरोपींना निर्दोष सोडले. मग त्या लेकराला मारले कोणी? हा प्रश्न अजून खर्ड्याच्या शिवारात उभा आहे. जब्या कल्पनेतला होता. नितीन आगे हाडामांसाचा होता.

२९ एप्रिल २०१६ रोजी 'सैराट' प्रदर्शित झाला. खर्ड्याच्या घटनेला दोन वर्षे आणि एक दिवस झाला होता. 'सैराट'ची गोष्ट इथे सर्वांना तोंडपाठ आहे. आर्ची झालेली रिंकू राजगुरू ही अकलूजची शाळकरी मुलगी, परश्या झालेला आकाश ठोसर हा तालमीतला पोरगा. चित्रीकरण करमाळ्याच्याच मुलखात, उसाच्या फडात, विहिरीवर. पटकथेला भाऊ भारत मंजुळे सोबत. संगीत अजय-अतुल यांचे, आणि त्यासाठी थेट अमेरिकेत हॉलिवूडला जाऊन वाद्यवृंद वाजवून घेतला. मराठी चित्रपटाने शंभर कोटींच्या घरात जाण्याची ती पहिली वेळ.

'झिंगाट'वर आपण सगळे नाचलो. लग्नात नाचलो, जयंतीच्या मिरवणुकीतही नाचलो. पण शेवट किती जणांनी पचवला? पळून गेलेली ती दोघं हैदराबादेत जातात तेव्हा काय होतात? कामगार होतात. पाटलाची लेक बाटल्या भरण्याच्या कारखान्यात लागते, परश्या डोशाच्या गाडीवर. झोपडपट्टीतली एक परकी बाई त्यांना आसरा देते. घाम गाळून ती दोघं संसार उभा करतात, आणि मग माहेरची माणसे येतात. त्या शेवटात दिग्दर्शकाने संगीत पूर्ण बंद केले. ज्या चित्रपटाने महाराष्ट्राला गाण्यांवर नाचवले, त्याच चित्रपटाने अखेरीस थिएटर मुके केले. रडणारे लेकरू आणि त्याच्या पायाचे रक्ताळलेले ठसे, बाकी आवाज नाही.

भगिनींनो, 'सैराट'नंतर काही घरांत "पोरीला कॉलेजातून काढा" अशी भाषा ऐकू आली. आपल्या वस्तीतही ऐकू आली. हे उलटे शिकणे झाले. त्या चित्रपटात मुलीचा गुन्हा काहीच नाही. ती ट्रॅक्टर चालवते, बुलेट चालवते, गोळी झाडते, अडाणी ठिकाणी जाऊन कामाला लागते. गुन्हा तिला मारणाऱ्यांचा आहे. पोरीचे शिक्षण बंद करणारा बाप आर्चीच्या बापाच्याच बाजूला उभा राहतो, मग त्याच्या घरात फोटो कोणाचाही असो.

'सैराट' पुढे कन्नड, पंजाबी, उडिया, बंगाली आणि हिंदीत पुन्हा काढला गेला. हिंदीतला 'धडक' २०१८ सालचा. त्यात महाल आले, तलाव आले, सुंदर कपडे आले, आणि जात मात्र कुठे आहे ते शोधावे लागते. यातूनच आम्हाला आमचा मुद्दा कळला. गोष्ट तीच, पण सांगणारा बदलला की गोष्टीतले काय शिल्लक राहते तेही बदलते. कोणता धागा ठेवायचा आणि कोणता कापायचा हे संकलनाच्या टेबलावर बसलेला माणूस ठरवतो. त्या टेबलावर आपली माणसे नसली तर आपल्या गोष्टीतून सगळ्यात आधी जातच कापली जाणार.

नागराज मंजुळे एवढ्यावर थांबले असते तरी चालले असते. पण ते थांबले नाहीत, आणि यापुढचा भाग कामगार म्हणून आम्हाला जास्त महत्त्वाचा वाटतो. 'सैराट'सारखे यश मिळालेल्या माणसाने 'पावसाचा निबंध' हा छोटा लघुपट केला. पावसात गळणारे घर, दारुडा बाप, आणि पावसावर निबंध लिहायचा असलेले शाळकरी पोर. त्याबद्दल त्यांना ६५व्या राष्ट्रीय पुरस्कारांत लघुपट विभागात उत्कृष्ट दिग्दर्शकाचा मान मिळाला. मोठा झाला तरी छोटे काम सोडले नाही.

'आटपाट' ही त्यांची स्वतःची निर्मिती संस्था. त्या संस्थेतून त्यांनी दुसऱ्यांना पुढे आणले. 'सैराट'चा कॅमेरा ज्यांनी सांभाळला त्या सुधाकर रेड्डी यक्कंटी यांनी २०१८ साली 'नाळ' दिग्दर्शित केला, आणि निर्मात्यांत नागराज होते. 'नाळ'मधला चैत्या हा आपल्या विदर्भातल्या मातीतला, आपल्या बोलीत बोलणारा पोरगा. श्रीनिवास पोकळे या बालकलाकाराला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, दिग्दर्शकालाही पदार्पणाचा मिळाला. २०२३ साली 'नाळ २' आला आणि २०२५ मध्ये जाहीर झालेल्या ७१व्या राष्ट्रीय पुरस्कारांत तो उत्कृष्ट बालचित्रपट ठरला. २०२३ च्याच 'घर बंदूक बिरयाणी'चे दिग्दर्शन हेमंत अवताडे यांच्या हाती दिले. गिरणीत चांगला जॉबर कोण? जो बदली कामगाराला बाजूला उभे करून मशीन शिकवतो आणि एक दिवस मशीन त्याच्या हवाली करतो. एकट्याने वर चढणारे खूप असतात, शिडी खाली सोडणारे थोडे.

२०२२ साली त्यांची दोन कामे आली. एक 'वैकुंठ', करोनाच्या काळात स्मशानात प्रेते जाळणाऱ्या कामगाराची छोटी गोष्ट. त्यात मुख्य काम त्यांनी स्वतःच केले. टाळेबंदीत आपण घरात बसलो होतो तेव्हा स्मशानात कोण राबत होते, हे विचारायला दुसरे फारसे कोणी पुढे आले नाही. दुसरे 'झुंड'. नागपूरच्या विजय बारसे सरांनी झोपडपट्टीतल्या पोरांना फुटबॉल शिकवला, त्यावरचा हा हिंदी चित्रपट. सरांचे काम अमिताभ बच्चन यांनी केले, पण बाकीची 'झुंड' बहुतांशी खरीखुरी नागपूरच्या वस्त्यांतली पोरं. त्यात भीमजयंतीची मिरवणूक आहे, निळे झेंडे आहेत, डीजे आहे, आणि बाबासाहेबांच्या भव्य प्रतिमेसमोर हात जोडून उभा असलेला हिंदी सिनेमाचा सगळ्यात मोठा नट आहे. अनेक वर्षे हिंदी सिनेमात गणपती होता, होळी होती, करवा चौथ होता. आपली जयंती नव्हती. ती आणायला दिग्दर्शकाच्या खुर्चीत ती जयंती जगलेला माणूस यावा लागला.

इथे एक गोष्ट स्पष्ट सांगितली पाहिजे. नागराज मंजुळे जन्माने आपल्या जातीचे नाहीत, आणि बाबासाहेबांनी आपल्याला जात सोडायला सांगितले आहे. "हा आपला, तो त्यांचा" अशी वाटणी करून टाळ्या वाजवणे हे त्यांच्या कामाशी आणि धम्माशीही बेइमानी आहे. ते फुले-आंबेडकरांचा विचार मानतात, म्हणून आपले नाते विचाराचे. तमिळनाडूत पा. रंजित नावाचे दिग्दर्शक आहेत. त्यांचा २०१८ सालचा 'काला' मुंबईच्या धारावीतला आहे. त्यांनीही स्वतःची निर्मिती संस्था काढली आणि त्याच वर्षी मारी सेल्वराज यांचा 'परियेरुम पेरुमाळ' लोकांपुढे आणला. अमेरिकेत ऑस्कर मिशो नावाच्या कृष्णवर्णीय माणसाने १९१९ साली आपल्याच कादंबरीवर चित्रपट काढला, त्याचे भाग शेतकऱ्यांना विकून भांडवल जमा केले. भाषा वेगळी, देश वेगळा, वाट एकच : कॅमेरा आपल्या हाती घेणे आणि मग दुसऱ्याच्या हाती देणे.

आता त्या माउलीच्या प्रश्नाकडे येतो. पोरगा म्हणतो पिक्चरच्या लाइनमध्ये जातो. काय करायचे?

पहिले म्हणजे त्याला मारू नका आणि डोक्यावरही घेऊ नका. त्याला विचारा, "तुला दिसायचं आहे की काम करायचं आहे?" फक्त दिसायचे असेल तर सावध राहा. आमच्या ओळखीच्या एका कामगाराने गिरणी सुटल्यावर मिळालेले फंडाचे पैसे एका शहरातल्या ॲक्टिंगच्या क्लासवाल्याला भरले. सहा महिन्यांत त्या क्लासला कुलूप लागले आणि फोन बंद झाला. 'हिरो बनवतो' म्हणून जो आधी पैसे मागतो, तो धंदा आपल्या पोराच्या तोंडावर नाही, बापाच्या फंडावर करतो.

काम करायचे असेल तर खाती पुष्कळ आहेत. कॅमेरा, लाइट, आवाज, संकलन, कपडेपट, रंगभूषा, सेट उभारणी, प्रॉडक्शन मॅनेजर, सहायक दिग्दर्शक. आपल्यात सुतार आहेत, वायरमन आहेत, पेंटर आहेत, शिवणकाम करणाऱ्या बाया आहेत, बँडवाले आहेत. हे सगळे हुन्नर तिथे लागतात. पुण्यात प्रभात स्टुडिओच्या जागेवर १९६० साली सुरू झालेली सरकारी फिल्म संस्था आहे. तिथे दिग्दर्शन, छायाचित्रण, संकलन, ध्वनी हे विषय शिकवतात. पदवी झाल्यावर प्रवेश परीक्षा द्यावी लागते, आणि सरकारी संस्था असल्याने राखीव जागा आहेत. म्हणून आधी पदवी. नागराज यांनीही आधी एम.ए. केले हे विसरू नका. आणि तिथे नंबर लागला नाही तर जिल्ह्याच्या कॉलेजातूनही वाट निघते, हे त्यांनीच दाखवले आहे.

कष्टाची कल्पना मात्र आधी द्या. ही लाइन बदली कामगारासारखी आहे. आज काम, उद्या घरी. हजेरी बारा-बारा तासांची. पगार वेळेवर मिळेलच असे नाही. कागदावर करार केल्याशिवाय कामाला उभे राहू नये, आणि त्या लाइनमध्येही कामगारांच्या संघटना आहेत, त्यांचे सभासद व्हावे. संघटनेशिवाय कामगार म्हणजे बिनसांधलेला धागा, पहिल्या झटक्यात तुटतो.

शेवटी विहार समितीपुढे आमची एक मागणी ठेवतो. आपल्या वाचनालयात स्पर्धा परीक्षांची पुस्तके आहेत, ती असावीतच. त्याबरोबर महिन्यातून एका रविवारी चांगला चित्रपट इथे दाखवावा आणि तो संपल्यावर अर्धा तास त्यावर बोलावे. फक्त बापे नाहीत, आयाबायांनीही बोलावे. आज प्रत्येक पोराच्या हातात मोबाइल आहे आणि त्यात कॅमेरा आहे. आपल्या वस्तीतल्या ज्या म्हाताऱ्यांनी १९५६ च्या दीक्षेनंतरचे दिवस पाहिले, देव्हारे रिकामे होताना पाहिले, गावाचे बहिष्कार सोसले, त्या आता बोटांवर मोजण्याइतक्या उरल्या आहेत. त्या गेल्या की ती गोष्ट गेली. पोरांनी त्यांच्यासमोर बसावे, मोबाइल स्थिर धरावा आणि त्यांना बोलू द्यावे. समितीने एक साधा माइक घेऊन द्यावा, त्याची वर्गणी आम्ही पहिली देतो. यातून एखादा दिग्दर्शक निघेल की नाही हे आम्ही सांगू शकत नाही. पण आपली गोष्ट आपल्या विहारात, आपल्या आवाजात जपलेली राहील, आणि उद्या एखाद्या पोरीने पुण्याच्या परीक्षेला जाताना ती सोबत नेली तर तिला रिकाम्या हाताने जावे लागणार नाही.

 

जय भीम! नमो बुद्धाय!